उन्हाळा बोलतो तेव्हा

पुण्याहून साताऱ्याकडे निघाले की पस्तीस-चाळीस किलोमीटरवर कापूरहोळचा फाटा लागतो. उजवीकडचा रस्ता भोरला जातो आणि डावीकडचा नारायणपूरवरून सासवडला. गाडी बदलण्यासाठी आम्ही या फाट्यावर अनेकदा ताटकळत उभे राहिलो आहोत. हे गाव धाराऊचे. १६५७ साली पुरंदरावर संभाजीराजांचा जन्म झाला आणि त्यांना दूध पाजण्यासाठी कापूरहोळच्या गाडे घराण्यातली धाराऊ गडावर गेली. ज्या घरांत हजरत हलीमा सादियांची हकीकत लहानपणापासून ऐकवली जाते, तिथे दूधआईचा मान काय असतो हे वेगळे सांगावे लागत नाही. पण एक गोष्ट आमच्या मनात नेहमी येते. धाराऊचे नाव राहिले, तिचे गाव राहिले, तिने केलेले काम राहिले. तिच्या तोंडचा एक शब्दही मात्र आपल्यापर्यंत पोहोचलेला नाही. बाळाला सोडून घरी परतताना तिला काय वाटले असेल, हे कोणी विचारले नाही आणि विचारले असले तरी लिहून ठेवले नाही.

याच फाट्यावरून भोरच्या रस्त्याला लागले की पुढे वेळवंडी नदीवरचे भाटघर धरण येते. १९२०च्या दशकात हे धरण पुरे झाले तेव्हा ते मुंबईच्या गव्हर्नराच्या नावाने, लॉइड धरण म्हणून, ओळखले जाई. वर्षाचे आठ-नऊ महिने या जलाशयाकडे पाहून खाली काही होते असे वाटतही नाही. मग वैशाखात पाणी उतरते. कांबरेश्वराचे जुने देऊळ वर येते, शेतांचे बांध दिसू लागतात, घरांची जोती उघडी पडतात. माणसे तिथे जातात, बोट दाखवून आपल्या आज्याची जमीन कुठवर होती ते मुलांना सांगतात. पहिला पाऊस पडला की पुन्हा सगळे पाण्याखाली. म्हणजे इथली जमीन वर्षातून एकदाच, तीही उन्हाळ्यात बोलते.

पायल कपाडिया यांचा ‘अँड व्हॉट इज द समर सेइंग’ हा लघु माहितीपट पाहताना भाटघरचे हे उघडे पडलेले पात्र आमच्या डोळ्यांसमोरून हलत नव्हते. उन्हाळा काय म्हणतो आहे, असा साधा प्रश्न या नावात आहे. २०१८ साली बर्लिनच्या महोत्सवात लघुपटांच्या विभागात तो दाखवला गेला. लांबी अवघी तेवीस मिनिटे, भाषा मराठी, आणि जागा आपल्याच पुणे जिल्ह्यातली, भीमाशंकरच्या जंगलाला लागून असलेले कोंढवळ गाव. कपाडिया यांचे नाव २०२४ मध्ये घराघरांत पोहोचले, कारण त्यांच्या ‘ऑल वी इमॅजिन अॅज लाइट’ या चित्रपटाला कान महोत्सवात ग्रां प्री हा दुसऱ्या क्रमांकाचा सन्मान मिळाला. तीस वर्षांनी एक भारतीय चित्रपट तिथल्या मुख्य स्पर्धेत उतरला होता. वर्तमानपत्रांनी कौतुकाचे रकाने भरले. पण त्यांच्या कामाची खरी किल्ली आम्हांला कोंढवळच्या त्या तेवीस मिनिटांत सापडते. मराठी समीक्षेने त्याकडे जवळजवळ पाहिलेले नाही, म्हणून हा लेखनप्रपंच.

माहितीपट म्हटला की आपल्या डोळ्यांपुढे एक ठरलेला साचा येतो. कोणीतरी खुर्चीत बसून बोलतो, खाली त्याचे नाव आणि हुद्दा येतो, मधूनमधून निवेदकाचा भारदस्त आवाज आपल्याला काय समजायचे ते समजावून देतो. कोंढवळच्या चित्रपटात यातले काही नाही. नामदेव नावाचा एक माणूस झाडांच्या शेंड्यांकडे पाहत मध शोधतो. जंगलावर कसे जगायचे ते तो बापाकडून शिकला आहे. वारा सुटतो, दुपार गावावर उतरते. आणि मग बायकांचे आवाज ऐकू येतात. हलके, कुजबुजते, शेजारणीच्या कानाशी बोलावे तसे. हातातून निसटलेल्या प्रेमाबद्दल त्या बोलतात. त्या बायका पडद्यावर दिसत नाहीत. दिसते ते रान, घरे आणि जमिनीतून निघणारा एक विचित्र धूर. आवाज एकीकडे आणि चित्र दुसरीकडे. दोन्ही एकमेकांचा पुरावा होण्याचे नाकारतात.

ही तऱ्हा नवखी वाटेल, पण तिच्यामागे परंपरा आहे. पायल कपाडिया यांच्या मातोश्री नलिनी मालानी या नामवंत चित्रकार. १९६९ मध्ये अकबर पदमसी यांनी मुंबईत चित्रकार आणि चित्रपटकारांसाठी एक कार्यशाळा उभी केली. नेहरू फेलोशिपचे पैसे त्यांनी त्यात घातले. तिथेच तरुण मालानींनी कॅमेरा हाती घेऊन पहिले प्रयोग केले. भारतातल्या प्रायोगिक चित्रपटाच्या इतिहासात पदमसींच्या त्या कार्यशाळेचा उल्लेख आदराने होतो, आणि तो आपल्या वाचकांना ठाऊक असायला हवा. त्याआधीचे एक उदाहरण इराणचे आहे. फरूग फर्रूखजाद या कवयित्रीने १९६२ मध्ये ताब्रिझजवळच्या कुष्ठरोग्यांच्या वसाहतीवर ‘घर काळे आहे’ अशा अर्थाच्या नावाचा एक छोटा माहितीपट केला. त्यात चेहरे थेट समोर येतात, आणि त्यांच्यावर कवयित्रीचा स्वतःचा आवाज चालत राहतो. फरूगने चेहरा दाखवला आणि आवाज आपला दिला. कपाडिया यांनी उलट केले. आवाज त्यांचाच ठेवला आणि चेहरा झाकला.

असे का केले असावे? आम्हांला यात कलात्मक हौसेपेक्षा अनुभवाचा शहाणपणा अधिक दिसतो. खेड्यातली बाई मनातले कधी बोलते? दिवा मालवल्यावर, चुलीकडे तोंड करून, दळताना, गोधडीला टाके घालताना. समोरासमोर बसवून, दिवे लावून, “सांगा आता” म्हटले की ती काहीच सांगत नाही, किंवा जे सांगायला हवे असे तिला वाटते तेवढेच सांगते. आपल्या घरांतली आया-बहिणींची वाणी आठवून पाहावी. पडद्याआडून आलेल्या आवाजात जेवढे खरे ऐकायला मिळते, तेवढे बैठकीत कधी ऐकू येत नाही. कॅमेऱ्याने चेहरा मागितला असता तर कोंढवळच्या बायकांची ती निसटलेली प्रेमे आपल्याला कळली नसती. आडोसा दिला म्हणून शब्द आले.

इथे आमच्या मनात मात्र एक शंका उभी राहते. हदीसचे शास्त्र आपल्याला दोन गोष्टी शिकवते: मजकूर काय आहे आणि तो कोणाकडून कोणाकडे आला. मतन आणि सनद. रिवायत कितीही गोड असली तरी रावी कोण, असे आपले बुजुर्ग विचारतात. मग ज्या कुजबुजीला नाव नाही, गाव आहे पण घर नाही, तिची सनद कोणती? ती बाईची की दिग्दर्शिकेची? संकलनाच्या टेबलावर कोणते वाक्य राहिले आणि कोणते गळाले, हे प्रेक्षकाला कधीच दिसत नाही.

ही शंका कपाडिया यांच्या पुढच्या चित्रपटात आणखी तीव्र होते. ‘अ नाइट ऑफ नोइंग नथिंग’ हा २०२१ सालचा दीर्घ माहितीपट, आणि त्याला कानमध्ये सर्वोत्कृष्ट माहितीपटाचा ‘गोल्डन आय’ पुरस्कार मिळाला. ‘एल’ या अद्याक्षराने ओळखली जाणारी एक विद्यार्थिनी आपल्या दुरावलेल्या प्रियकराला पत्रे लिहिते. हे प्रेम जातीमुळे तुटले आहे. ती पत्रे वसतिगृहात सापडली, असे चित्रपट सांगतो. त्यांच्या आधाराने रणबीर दास यांची काळी-पांढरी, दाणेदार छायाचित्रे, कोणाकोणाच्या घरची जुनी चित्रफीत आणि आंदोलनांची दृश्ये एकत्र विणली जातात. पुण्याच्या चित्रपट संस्थेतला २०१५ मधला १३९ दिवसांचा संप त्यात आहे. कपाडिया स्वतः त्या संपातल्या विद्यार्थिनी होत्या. डिसेंबर २०१९ मध्ये दिल्लीच्या जामियात पोलीस शिरले, त्या वेळचे ग्रंथालयातले चित्रणही त्यात आहे. आता यात ती पत्रे रचलेली आहेत. कपाडिया आणि हिमांशू प्रजापती यांनी ती लिहिली. ग्रंथालयातली लाठी मात्र रचलेली नाही. रचलेले पत्र आणि खरी लाठी एकाच धाग्यात ओवली तर लाठीचा खरेपणा कमी होत नाही का, असे कोणी विचारले तर तो प्रश्न आम्ही उडवून लावणार नाही.

आम्हांला या प्रश्नाचे उत्तर बाहेर नव्हे, आपल्याच मातीत मिळाले. हेमा राईरकर आणि गी पॉइटव्हाँ या दोघांनी पुणे जिल्ह्याच्या डोंगरी भागातून सुरुवात करून जात्यावरच्या ओव्या गोळा केल्या. पुढे हे काम महाराष्ट्रभर पसरले आणि एक लाखाहून अधिक ओव्या नोंदल्या गेल्या. ओवी कोणी रचली हे कधीच सांगता येत नाही. ती आईकडून लेकीकडे, सासूकडून सुनेकडे जाते आणि प्रत्येक गळ्यात थोडी बदलते. तरीही या दोघांनी एक दंडक पाळला: ओवी ज्या बाईने गायली तिचे नाव आणि गाव लिहायचे. रचणारी अज्ञात राहिली तरी सांगणारी अज्ञात राहू द्यायची नाही. ओवीतले दुःख कोणा एकीचे नसते, म्हणून गाताना ती मोकळी होते. आणि तिचे नाव लिहिल्याने तिच्या गळ्याचा, तिच्या स्मरणाचा हक्क तिच्याकडे राहतो.

यावरून आम्ही एक साधा नियम काढतो. गुपिताला आडोसा हवा, श्रमाला नाव हवे. या नियमाने पाहिले तर कोंढवळच्या चित्रपटाची घडण अधिक उमजते. त्यात मध काढणाऱ्याला नाव आहे, चेहरा आहे, बापाकडून आलेली विद्या आहे. कुजबुजणाऱ्यांना फक्त आवाज आहे. म्हणजे दिग्दर्शिकेने हा भेद जाणलेला आहे. पण इथेच उणेही दिसते. त्या बायका केवळ गुपितांच्या मालकिणी आहेत काय? जंगलातून सरपण त्याच आणतात, पाणी त्याच भरतात, भाताची रोपे चिखलात वाकून त्याच लावतात. पुरुषाच्या वाट्याला श्रम आणि नाव, बाईच्या वाट्याला आठवण आणि धूर, अशी वाटणी नकळत झाली आहे. ती कवितेसारखी सुंदर दिसते म्हणूनच ती सांगणे आम्हांला गरजेचे वाटते. धाराऊबाबत इतिहासाने काम नोंदवले आणि आवाज गमावला. इथे आवाज नोंदवला आणि काम गमावले. बाईचे हे दोन अर्धे एकत्र कधी येणार?

‘ऑल वी इमॅजिन अॅज लाइट’मध्ये ते काही अंशी एकत्र येतात, असे म्हणता येईल. हा कथापट आहे, पण सुरुवात माहितीपटासारखीच होते. मुंबईत पोट भरायला आलेल्यांचे आवाज शहराच्या रात्रीवर ऐकू येतात, बोलणारे दिसत नाहीत. पुढे इस्पितळात स्वयंपाक करणारी पार्वती येते. छाया कदम यांनी ती उभी केली आहे. तिला नाव आहे, काम आहे, आवाज आहे, राग आहे. गिरणी कामगार असलेल्या तिच्या नवऱ्याच्या घरात ती वर्षानुवर्षे राहिली, पण नवऱ्यामागे घराचे कागद सापडत नाहीत, आणि बिल्डर तिला बाहेर काढतो. ती रत्नागिरीकडच्या आपल्या गावी परतते. कागद नसलेल्या माणसाचे इतकी वर्षे जगणेही जणू झालेच नाही, ही तिची व्यथा पाहताना आमच्या शेजारच्या खुर्च्यांवरही सामसूम होती. कागदाचा धाक काय असतो हे अलीकडच्या काळात आपल्या वस्त्यांत कोणाला सांगावे लागत नाही. आजोबांच्या जन्माचा दाखला शोधत ट्रंका उपसणारी घरे आम्ही पाहिली आहेत. त्या ट्रंकेत दाखला नसतो. लग्नातला एखादा फोटो, हजहून आलेली तसबी, बाहेरगावाहून आलेली पत्रे असतात. आठवण असते, पुरावा नसतो. कपाडिया यांचा सगळा चित्रपट या दोहोंमधल्या फटीत उभा आहे, म्हणून तो आपला वाटतो.

याच चित्रपटात शियाझ हा मुस्लिम तरुण आहे. तो केरळचा आहे, परिचारिका अनूवर त्याचे प्रेम आहे. हिंदी पडद्यावर मुस्लिम तरुण म्हटला की एक तर नवाब, नाही तर गुंड, नाही तर संशयित. शियाझ यातला कोणी नाही. तो लाजतो, हसतो, प्रेयसीची वाट पाहतो. ही साधी गोष्ट आजच्या दिवसांत मोठी आहे आणि तिचे श्रेय आम्ही मोकळ्या मनाने देतो. त्याच्या मोहल्ल्यात जाता यावे म्हणून अनू बुरखा विकत घेते, तो प्रसंगही कोणाची टिंगल न करता येतो.

तरीही रत्नागिरीच्या भागात आमची एक तक्रार राहिलीच. समुद्रकिनारा आहे, झाडी आहे, गुहा आहे, गुहेच्या भिंतीवर कोरलेली अक्षरे आहेत. पण हा जो किनारा आहे तो दालदी कोळ्यांचा, खलाशांचा, दाभोळ-राजापूरच्या व्यापाऱ्यांचाही किनारा आहे. पिढ्यान्‌पिढ्या इथले कोकणी मुसलमान मुंबईच्या गोदीत गेले, आफ्रिकेला गेले, आखातात गेले, आणि त्यांच्या बायका मागे राहून पत्रांची वाट पाहत राहिल्या. चित्रपटाचा विषयच घर सोडणे आणि घरी परतणे हा आहे. मग या किनाऱ्यावर एखाद्या मशिदीची बांग, कोकणी बोलीतली एखादी हाक आम्हांला का ऐकू आली नाही? मुसलमान आला तो केरळहून, प्रेमापाठोपाठ, पाहुणा म्हणून. इथे ज्याची हाडे पुरली आहेत तो मुसलमान या निसर्गचित्रात दिसत नाही. १९६५ साली आलेली हमीद दलवाईंची ‘इंधन’ कादंबरी आठवावी. त्यातही बऱ्याच वर्षांनी कोकणातल्या गावी परतलेला निवेदक आहे, आणि त्याला दिसणारे गाव दोन्ही समाजांचे, त्यांच्या दोस्तीचे आणि वैराचे आहे. दलवाईंच्या विचारांशी मतभेद असणारेही मान्य करतील की त्या कादंबरीतली वाट, वाडी आणि मोहल्ला यांतले काहीच रिकामे नाही. कॅमेऱ्याने निसर्ग शांत करून घेतला की त्यातली माणसेही शांत होतात, आणि सगळ्यांत आधी शांत होतात ती संख्येने कमी असलेली माणसे. हा दोष एकट्या कपाडिया यांचा नाही. ‘निसर्गरम्य कोकण’ नावाच्या चित्रातून आपण कधीचेच बाहेर आहोत.

दुसऱ्या बाजूने एक उदाहरण नोंदवतो. शर्ली अब्राहम आणि अमित मधेशिया यांच्या २०१६ सालच्या ‘द सिनेमा ट्रॅव्हलर्स’ या माहितीपटात महाराष्ट्रातल्या जत्रांत तंबूतला सिनेमा दाखवणारे लोक आहेत. त्यांत मोहम्मद आहे. ट्रक, जुने प्रोजेक्टर, गाळात रुतलेली चाके आणि रिकाम्या राहणाऱ्या तंबूची काळजी, हे सारे त्याच्या नावाने आणि चेहऱ्याने येते. हा सरळ धाटणीचा माहितीपट आहे, त्यात प्रयोग फारसा नाही. पण ग्रामीण महाराष्ट्राच्या आठवणीत एका मुसलमानाचा श्रम नावानिशी नोंदला गेला, हे त्याचे मोल. प्रयोगशील चित्रपट अधिक खोल जातो म्हणून नोंदणारा चित्रपट कमी दर्जाचा ठरत नाही. दोघांची कामे निराळी.

तक्रार करून थांबणे आमच्या स्वभावात नाही. कपाडिया यांच्याकडून आपण काय घ्यावे, तर ऐकण्याची रीत. त्या घाई करत नाहीत. त्या बोलणाऱ्याला पुराव्यासाठी उभे करत नाहीत. झाड, घर, अंधार यांना बोलण्याच्या शेजारी बसू देतात. आणि त्यांच्याकडून जे सुटले, म्हणजे सांगणाऱ्याचे नाव, तिचे काम आणि आपला मोहल्ला, ते आपण भरावे. आज प्रत्येक तरुणाच्या खिशात कॅमेरा आहे. गावातल्या मुलाणी, तांबोळी, शिकलगार, पिंजारी घरांतल्या म्हाताऱ्या बायका अजून बोलत्या आहेत. त्यांच्याकडे ओव्या आहेत, मोहरमच्या आठवणी आहेत, दुष्काळात काय खाल्ले त्याचा हिशेब आहे. त्यांना खुर्चीत बसवू नका. त्यांच्या हातातले काम चालू राहू द्या आणि शेजारी बसा. ज्या गोष्टीला आडोसा हवा तिथे कॅमेरा खिडकीकडे वळवा. ज्या कामाला नाव हवे ते स्पष्ट लिहा: कोणी सांगितले, कोणत्या गावी, कोणत्या साली. हीच आपली सनद. आणि झालेले काम त्यांना परत दाखवा, कारण गावाने सांगितलेले गावाने ऐकले नाही तर ते देणे अर्धेच फिटते.

भाटघरच्या पाण्याखालची जोती दर वैशाखात वर येतात. पण बोट दाखवून “हे आमचे” म्हणणारी माणसे दर वर्षी कमी होत आहेत. एक उन्हाळा असा येईल की पाणी उतरेल, बांध दिसतील, आणि ते कोणाचे होते हे सांगणारे कोणी उरणार नाही. कापूरहोळच्या फाट्यावर गाडीची वाट पाहताना आता आम्हांला हाच हिशेब सुचतो. त्याआधी किती जणांचे ऐकून होईल?